अनुशेष मैदानाचासुद्धा!

एक साधा प्रश्न. मोबाईल खाली ठेवा आणि मराठवाड्यातल्या पाच खेळाडूंची नावं सांगा.

सचिन, धोनी, विराट यांचे सगळे आकडे तोंडपाठ असलेली आपली मेस या प्रश्नावर गप्प होते! कुणीतरी 'अविनाश साबळे' म्हणतं. त्यावर दुसरा विचारतो, 'तो नगरचा ना?' संपली यादी. लातूर-नांदेडची पोरं असूनही आपल्याला आपली माणसं माहीत नाहीत. 'मराठवाडा मागासलेला' हे वाक्य आपण इतक्या वेळा ऐकलंय की मराठवाड्याने देशाला काही दिलं असेल, यावर आपलाच विश्वास बसत नाही.

म्हणून आधी यादी पूर्ण करू.

सुरुवात लातूर जिल्ह्यापासून. निलंगा तालुक्यात रामलिंग मुदगड नावाचं गाव आहे. तिथले हरिश्चंद्र बिराजदार १९६९ साली महाराष्ट्र केसरी झाले, आणि विशेष म्हणजे ते अधिवेशन लातूरलाच भरलं होतं. पुढच्याच वर्षी, १९७० मध्ये, एडिंबरोच्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्यांनी सुवर्णपदक आणलं. 'रुस्तुम-ए-हिंद' झाले. १९७७ मध्ये बेळगावच्या मैदानात त्यांनी दिल्लीच्या सतपालला हरवलं. त्या कुस्तीच्या गोष्टी आमच्या भागातली म्हातारी माणसं अजून रंगवून सांगतात. पुढे पुण्यात गोकुळ वस्ताद तालमीत त्यांनी पोरं घडवली आणि अख्खी कुस्ती त्यांना 'मामा' म्हणू लागली. २०११ मध्ये मामा गेले.

त्यांच्याच तालमीत तयार झालेले काका पवार, तेही लातूरचेच. ग्रीको-रोमन कुस्तीत देशासाठी खेळले, अर्जुन पुरस्कार मिळवला आणि नंतर पुण्यात स्वतःचं कुस्ती संकुल उभं केलं. बीड जिल्ह्यातल्या पाटोद्याचा राहुल आवारे आधी मामांकडे आणि मामा गेल्यावर काकांकडे शिकला. २०१८ मध्ये गोल्ड कोस्टच्या राष्ट्रकुल स्पर्धेत ५७ किलो गटात सुवर्ण आणि २०१९ च्या जागतिक स्पर्धेत ६१ किलो गटात कांस्य. म्हणजे गुरूने जे १९७० मध्ये केलं, ते शिष्याने ४८ वर्षांनी पुन्हा केलं. ही परंपरा नाही तर काय?

आता अविनाश साबळे. नगरचा नाही, बीड जिल्ह्यातल्या आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा. घरची शेती, गाव दुष्काळी. बारावीनंतर सैन्यात, महार रेजिमेंटमध्ये भरती झाला. सियाचीनला राहून आला आणि मग धावायला लागला. त्याचा प्रकार ३००० मीटर स्टीपलचेस. यात २८ वेळा अडथळा ओलांडायचा आणि ७ वेळा पाण्याच्या खड्ड्यावरून उडी मारायची. जिथे उन्हाळ्यात प्यायला टँकर लागतो, तिथला पोरगा पाण्याच्या उडीच्या शर्यतीत देशाचा सगळ्यात वेगवान माणूस झाला! २०१८ मध्ये भुवनेश्वरला त्याने गोपाल सैनी यांचा १९८१ पासूनचा विक्रम मोडला, ८ मिनिटं २९.८० सेकंद. त्यानंतर स्वतःचाच विक्रम मोडत मोडत २०२४ मध्ये पॅरिसच्या डायमंड लीगमध्ये ८ मिनिटं ९.९१ सेकंदांवर आला. २०२३ मध्ये हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत सुवर्ण, आणि २०२४ च्या ऑलिंपिकमध्ये या शर्यतीच्या अंतिम फेरीत पोचलेला पहिला भारतीय पुरुष.

आपल्या नांदेडकडे या. मुखेड तालुक्यातल्या होनवडजची भाग्यश्री जाधव व्हीलचेअरवरून गोळाफेक करते. टोकियो पॅरालिंपिकमध्ये सातवी, पॅरिसमध्ये पाचवी. २०२३ मध्ये झालेल्या आशियाई पॅरा स्पर्धेत रौप्य. २८ ऑगस्ट २०२४ ला पॅरिसमध्ये पॅरालिंपिकचं उद्घाटन झालं, तेव्हा सुमित अंतिलच्या बरोबरीने भारताचा तिरंगा तिच्या हातात होता. मुखेडची मुलगी देशाच्या संघापुढे झेंडा घेऊन चालली, आणि आपल्यातल्या किती जणांनी ते टीव्हीवर पाहिलं?

धाराशिवची सारिका काळे खो-खोची कर्णधार होती. २०१६ च्या दक्षिण आशियाई स्पर्धेत तिच्या संघाने सुवर्ण जिंकलं आणि २०२० चा अर्जुन पुरस्कार तिला मिळाला. क्रिकेटवाल्यांसाठी संजय बांगर. जन्म बीडचा, पण रणजी खेळला रेल्वेकडून. ऑगस्ट २००२ मध्ये हेडिंग्लेच्या ओल्या खेळपट्टीवर सलामीला जाऊन त्याने २३६ चेंडूंत ६८ धावा केल्या. त्या डावात द्रविड, सचिन आणि गांगुली या तिघांची शतकं सगळ्यांना आठवतात. पण नवा चेंडू अंगावर घेऊन ज्याने पाया घातला, तो बीडचा होता, हे कुणी सांगत नाही.

झाली ना यादी? पाचपेक्षा जास्तच झाली!

आता मुद्द्यावर येते. वरची नावं पुन्हा वाचा आणि प्रत्येकासमोर दोन गावं लिहा: जन्मला कुठे आणि घडला कुठे. काका पवार, राहुल आवारे, दोघांचंही उत्तर पुणे. साबळेचं उत्तर सैन्य. बांगरचं उत्तर रेल्वे. जानेवारी २०२० मध्ये बालेवाडीला महाराष्ट्र केसरीची अंतिम कुस्ती झाली. एका बाजूला नाशिकचा हर्षवर्धन सदगीर, दुसऱ्या बाजूला लातूरचा शैलेश शेळके. दोघेही काका पवारांच्याच तालमीतले! म्हणजे वस्ताद लातूरचा, एक मल्ल लातूरचा, आणि तालीम, मैदान, प्रेक्षक सगळं पुण्याचं. रक्त आपलं, घाम आपला आणि पिनकोड मात्र ४११ ने सुरू होणारा!

यात पुण्याचा काही दोष नाही. पुण्याने जागा दिली, हे उपकारच आहेत. प्रश्न असा आहे की ज्या पोराच्या बापाला पुण्याची खोली आणि रोजचा खुराक परवडत नाही, त्याचं काय? दूध, तूप, बदाम, फळं, शिवाय खोलीचं भाडं. दोन एकर कोरडवाहू शेतीत हे बसत नाही. आपल्याला दिसतात ते पनवेल गाडीत बसून पुण्याला जाऊ शकलेले. जे स्टेशनपर्यंतही पोचले नाहीत, त्यांची यादी कुणाकडेच नाही.

हे असं का झालं, याला इतिहास आहे. कोल्हापूरला शाहू महाराजांसारखा राजा मिळाला, त्याने तालमी पोसल्या, खासबागचं मैदान बांधलं. तिथे मल्लाला मान होता आणि खुराकही होता. मराठवाडा १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात. इथल्या खेड्यातल्या पोराच्या कुस्तीला दरबाराचा आधार नव्हता. इथे कुस्ती जगली ती जत्रेवर. लातूरच्या सिद्धेश्वराची यात्रा, माळेगावच्या खंडोबाची यात्रा. फड लागला, नारळावरची कुस्ती झाली, बक्षीस वाटलं की वर्षभर कुणी विचारायला नाही. जत्रेने हौस जिवंत ठेवली, पण जत्रा म्हणजे काही सिस्टिम नव्हे.

१९६० मध्ये महाराष्ट्र झाला. १९८४ मध्ये दांडेकर समितीने विभागांचा अनुशेष मोजला. रस्ते, सिंचन, वीज, शिक्षण, आरोग्य, पाणीपुरवठा, अगदी जनावरांच्या दवाखान्यांचासुद्धा! मैदानांचा मात्र नाही. तेव्हापासून आपण भाषणांत अनुशेष-अनुशेष म्हणतोय, पण खेळाचाही अनुशेष असतो हे कुणाच्या डोक्यातच आलं नाही. जे मोजलंच जात नाही, ते भरून कसं निघणार? आपल्या इंजिनिअरिंगचं पहिलं तत्त्व हेच नाही का?

या बाबतीत मला अमेरिकेच्या बेसबॉलची गोष्ट फार जवळची वाटते. रॉबर्टो क्लेमेंटे हा पोर्तो रिको बेटावरचा खेळाडू. १९५५ ते १९७२ तो पिट्सबर्गकडून खेळला. पूर्ण ३००० हिट्स, १२ वेळा 'गोल्ड ग्लव्ह', दोनदा वर्ल्ड सिरीज. पण सुरुवातीच्या काळात तिथले पत्रकार त्याचं रॉबर्टो हे नाव बदलून 'बॉब' लिहायचे. तो स्पॅनिश वळणाचं इंग्रजी बोलायचा, तर त्याचे उच्चार जसेच्या तसे, मोडक्या स्पेलिंगमध्ये छापून हसायचे. मी कॉन्व्हेंटमध्ये शिकले, तिथेही पोरं 'काय करायलीस' म्हटलं की हसायची, आणि पुण्यात तर विचारूच नका. आमच्या पोराने मुलाखतीत 'जायलोय, करायलोय' म्हटलं की त्याच्या पदकापेक्षा त्याच्या बोलीचीच क्लिप फिरते! क्लेमेंटेला हे शेवटपर्यंत खटकायचं आणि तो तसं बोलूनही दाखवायचा.

डिसेंबर १९७२ मध्ये निकाराग्वात मोठा भूकंप झाला. मदतीचं सामान नीट पोचत नाही म्हणून तो स्वतः विमानात बसला आणि ३१ डिसेंबरला ते विमान समुद्रात कोसळलं. भूकंपात धावून येणाऱ्या माणसाची किंमत किल्लारी पाहिलेल्या लातूरकरांना मी काय सांगू? पुढच्याच वर्षी 'हॉल ऑफ फेम'मध्ये त्याचं नाव लागलं. लॅटिन अमेरिकेतला तो तिथला पहिला खेळाडू.

पण मला सांगायची आहे ती पुढची गोष्ट. डॉमिनिकन रिपब्लिक हा कॅरिबियनमधला छोटा देश, लोकसंख्या साधारण एक कोटी दहा लाख. २०११ च्या जनगणनेत एकट्या मराठवाड्याची लोकसंख्या एक कोटी ८० लाखांच्या वर होती! गरिबी आहे, उसाची शेती आहे, पोरं गल्लीत काठीने खेळतात. अमेरिकन संघांना कळलं की गुणी पोरं इथे आहेत. मग त्यांनी काय केलं? पोरांनी अमेरिकेला यावं म्हणून वाट पाहिली नाही. अकादमीच तिथे नेली. लॉस एंजेलिस डॉजर्सने १९८७ मध्ये तिथे 'काम्पो लास पाल्मास' नावाची अकादमी काढली. राहणं, जेवण, मैदान, प्रशिक्षक, इंग्रजीचे तास, सगळं एका जागी. त्या अकादमीतून पेड्रो मार्टिनेझसारखा पिचर निघाला. आता मोठ्या लीगच्या तीसच्या तीस संघांच्या अकादम्या त्या देशात आहेत आणि बेसबॉलमध्ये लॅटिनो खेळाडूंशिवाय पान हलत नाही.

तिथे सगळं गोड आहे असंही नाही. सोळाव्या वर्षी करार होतात, त्यासाठी मुलं शाळा सोडतात आणि बहुतेकांना काही वर्षांत घरी पाठवलं जातं. शिक्षण अर्धवट, खेळही संपला. ही चूक आपण उचलायची नाही. पण जिथे पोरं आहेत तिथे मैदान न्या, ही अक्कल मात्र नक्की उचलायची.

'हे आपल्याकडे कसं होणार?' असं म्हणणाऱ्यांना माझं एकच उत्तर आहे: लातूर पॅटर्न!

विचार करा. एक काळ असा होता की सायन्सला जायचं तर मुंबई-पुण्याचंच कॉलेज हवं, असं सगळे मानायचे. लातूरच्या शाहू आणि दयानंद कॉलेजांनी ते खोटं ठरवलं. सिलॅबस लवकर संपवायचा, टेस्टवर टेस्ट घ्यायच्या, पेपर तपासून प्रत्येकाची चूक त्याला दाखवायची, पुन्हा लिहून घ्यायचं. यात कुठलीही जादू नव्हती. बोर्डाच्या गुणवत्ता यादीत लातूरची नावं झळकली आणि बाहेरच्या जिल्ह्यांतली पोरं सामान घेऊन लातूरला येऊ लागली. नांदेडलाही तेच झालं. कुस्तीच्या वस्तादाकडे यापेक्षा वेगळं काय असतं? तोच डाव शंभर वेळा मारायचा, चूक दाखवायची, पुन्हा मारायचा. मग पुस्तकाचा पॅटर्न लातूरला जमला आणि मातीचा का जमत नाही? जमू शकत नाही म्हणून नव्हे, कुणी मनावरच घेतलं नाही म्हणून!

आणि जिथे मनावर घेतलं, तिथे झालंसुद्धा. धाराशिवमध्ये डॉ. चंद्रजीत जाधव यांच्यासारखे प्रशिक्षक गावातच राहिले, म्हणून सारिका काळेला खो-खोसाठी पुणे गाठावं लागलं नाही. बीडचा सचिन धस बीडमध्येच शिकला आणि २०२४ च्या १९ वर्षांखालील वर्ल्ड कपच्या सेमीफायनलमध्ये दक्षिण आफ्रिकेविरुद्ध ९६ धावा करून त्याने मॅच ओढून आणली. एक चांगला प्रशिक्षक आणि रोज मिळणारं मैदान, एवढं गावात असलं तरी पुरतं.

काहीजण म्हणतील, 'ताई, इथे प्यायला पाणी नाही, एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणलं होतं, आणि तुम्ही कुठे मैदानं काढताय?' प्रश्न बरोबर आहे. पण त्याच दुष्काळात क्लासेस बंद पडले होते का? आपण ठरवलं की अभ्यास ही गरज आणि खेळ ही चैन. खरं तर आमच्या भागातल्या कितीतरी घरांसाठी खेळ हासुद्धा नोकरीचा रस्ता आहे. राज्याच्या नोकऱ्यांत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे. सैन्य, पोलीस, रेल्वे आहेतच. राहुल आवारे पोलीस खात्यात डीवायएसपी झाला. ज्या पोराचा गणितात जीव रमत नाही, त्याला आपण एकच दरवाजा दाखवतो आणि तो उघडला नाही की 'वाया गेला' म्हणतो.

आता आपल्या कॉलेजबद्दल. राग मानू नका, पण घरचं बोलायलाच हवं. आपण सगळे दरवर्षी जिमखाना फी भरतो. आपलं मैदान मोठं आहे. तिथे गॅदरिंगचा मांडव पडतो, गाड्या लागतात, बाकी वर्षभर गवत. सबमिशन, जर्नल, ओरल यातून वेळ काढून मुलं संध्याकाळी क्रिकेट तरी खेळतात. आम्हा मुलींच्या हॉस्टेलचं गेट सातला बंद होतं, म्हणजे लेक्चर-प्रॅक्टिकल संपल्यावर उरतो पाऊण तास. भाग्यश्री जाधव आणि सारिका काळे आपल्याच शेजारच्या. त्यांच्यासारखी एखादी आपल्या हॉस्टेलमध्ये असेल, तर या पाऊण तासात तिने काय करायचं?

माझ्या तीन मागण्या आहेत.

पहिली, मैदान सकाळी सहा ते आठ आजूबाजूच्या जिल्हा परिषद शाळांच्या पोरांसाठी उघडा. तेव्हा आपण तसेही झोपलेले असतो!

दुसरी, मुलींना आठवड्यातून चार दिवस आठपर्यंत मैदानाची परवानगी द्या. एक लेडी टीचर आणि दोन दिवे, एवढाच खर्च आहे.

तिसरी मागणी आपल्याकडेच, म्हणजे विद्यार्थ्यांकडे. २०२२ मध्ये बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत साबळेला रौप्य मिळालं. केनियाच्या अब्राहम किबिवॉटपेक्षा तो फक्त ०.०५ सेकंदाने मागे होता. सरासरी वेग धरला तर हे अंतर साधारण एक फूट भरतं. आता गंमत बघा. खेड्यातल्या शर्यतीत हातातल्या स्टॉपवॉचवर वेळ घेतात आणि बटण दाबायला माणसाला ०.२ सेकंदाच्या आसपास लागतात. म्हणजे ज्या फरकाने सुवर्णाचं रौप्य होतं, तो फरक आपण मोजूच शकत नाही! दोन इन्फ्रारेड सेन्सर, एक मायक्रोकंट्रोलर आणि एक डिस्प्ले एवढ्यात इलेक्ट्रॉनिक टायमिंग होतं. थर्ड इयरचा कुणीही बनवू शकेल. दरवर्षी तेच 'लाईन फॉलोअर रोबो' आणि 'ऑटोमॅटिक स्ट्रीट लाईट'चे प्रोजेक्ट रेडीमेड आणून सबमिट करण्यापेक्षा, दहा जणांनी दहा टायमर बनवून दहा शाळांना द्यावेत. मुखेड, कंधार, निलंगा, अहमदपूर... प्रत्येकाने आपापल्या गावच्या शाळेला एक. प्रोजेक्टचे मार्क्स मिळतीलच, शिवाय गावातल्या एखाद्या पोरीला पहिल्यांदा कळेल की आपण नेमकं किती वेगाने पळतो. जिचा वेग लिहून ठेवला जातो, तिलाच उद्या कुणीतरी निवडतं.

अनुशेष भरून काढायला सरकारने पैसे द्यावेत, ही मागणी आपण करतच राहू. पण मोजायला सुरुवात करायला कुणाच्या जीआरची गरज नाही. पुढच्या सेमिस्टरचे प्रोजेक्ट टायटल्स अजून फायनल व्हायचे आहेत. बोला, कोण येतंय?